आदित्यवर्म्याची विहीर

१ जानेवारी १९६१, रविवार. पुसद.

आजपासून मी एकटी.

म्हणजे घरात सदाशिवराव आहेत. पण ते तहसील कचेरीत कारकून असल्यामुळे दिवसा नसतात आणि संध्याकाळी असले तरी फारसं बोलत नाहीत. मुलगी घाटंजीला सासरी. शाळेने तीन महिन्यांची रजा दिली आहे. पंचवीस मार्चला, शनिवारी, दुपारी बाराच्या आत नागपूरला विद्यापीठाच्या कचेरीत प्रबंध दाखल करायचा, स्वतः जाऊन, स्वतःच्या सहीने. नाही केला तर नोंदणी रद्द. दोनदा मुदत वाढवून घेतली, आता तिसऱ्यांदा मिळत नाही. सहा वर्षं झाली या कामाला. माझं वय चव्वेचाळीस.

विषय: ‘विश्वंभर नाफडे यांच्या कादंबऱ्यांतील व्यक्तिवाद : एक तात्त्विक चिकित्सा’. प्रकरणं नऊ. रोज पाच पानं लिहिली तरी फेब्रुवारीतच मोकळी होते. मार्चमध्ये काय करावं हाच प्रश्न आहे.

व्यक्तिवादावर लिहिणाऱ्या बाईने स्वतः व्यक्तिवादी असायला हवं, हे आज दात घासताना एकदम लक्षात आलं. तेव्हा संकल्प: कोणाची मदत घ्यायची नाही. कोणाला काही विचारायचं नाही. कोणाचे आभार मानायचे नाहीत. नाफड्यांच्या ‘आदित्यवर्म्याचा नकार’ या सातशे चौदा पानी कादंबरीत नायक एकदाही कोणाचे आभार मानत नाही. मी मोजलं आहे.

(पेन सापडत नव्हतं. सदाशिवरावांनी त्यांचं दिलं. संकल्प उद्यापासून.)

३ जानेवारी, मंगळवार

कादंबरी पुन्हा वाचायला घेतली. चौथ्यांदा.

गोष्ट एकदा सरळ लिहून ठेवते, म्हणजे प्रबंधात गुंता होणार नाही. आदित्यवर्मा नावाचा तेजस्वी पुरुष. शहरातले लोक त्याच्याकडे सारखं काहीतरी मागतात म्हणून तो शहर सोडतो आणि उजाड पठारावर जातो. तिथे एका उन्हाळ्यात, एकट्याने, काळा खडक सुरुंगाने फोडून साठ हात खोल विहीर खणतो. शेवटी तहानलेलं गाव येऊन काठावर उभं राहतं. आदित्यवर्मा म्हणतो, ज्याला पाणी हवं त्याने आपली विहीर खणावी. मग सूर्य उगवतो.

दर वेळी अंगावर काटा येतो. सदाशिवरावांना एकदा वाचून दाखवलं होतं. ते म्हणाले, सूर्य उगवल्यावर गाव परत गेलं का तिथंच बसलं? त्यांना तत्त्वज्ञानात गती नाही.

पाचवं प्रकरण या विहिरीवर. नागपूरच्या मार्गदर्शकांनी लिहिलंय, “विहीर हा तुमच्या प्रबंधाचा कणा आहे, तिथे ढिलाई नको.” म्हणून पाचवं आधी लिहायचं. कणा ताठ असला की बाकीची हाडं आपोआप लागतात.

आज पानं: शून्य. पण वाचन झालं.

९ जानेवारी, सोमवार

घरामागच्या मोकळ्या जागेत विहीर खणायला सुरुवात झाली आहे. मला न विचारता. सदाशिवराव म्हणतात, दिवाळीत विचारलं होतं, तू वाचत होतीस, हं म्हणालीस. हं म्हणजे संमती नव्हे. नाफड्यांनी यावर एक अख्खं प्रकरण लिहिलं आहे.

खणणारे तांड्यावरचे. पूनमसिंग, त्याची बायको रामीबाई, भाऊ रामधन आणि आणखी दोन गडी. सकाळी सातपासून पहार. ठण. मी ‘व्यक्ती’ लिहिलं, ठण. ‘आणि’ लिहिलं, ठण. ‘समाज’ लिहिलं, आणि ते सगळे बिडी ओढायला बसले. वाक्याला ताल आला, अर्थ आला नाही.

एकांत पाहिजे. आदित्यवर्म्याला पठार होतं. मला शेजारच्या सुग्राबींची मागची खोली आहे. त्या शिवणकाम करतात, पुढच्या खोलीत. मी म्हटलं, मला महिनाभर एकटीने बसायचं आहे. म्हणाल्या, “बसा ना विमलबाई, मी बी मशीन मांगंच आनते. एकट्यानं बसाले कोनी तरी लागते ना सोबत.”

मी स्पष्ट नाही म्हणणार होते, पण त्यांनी तोवर मशीन उचललं होतं आणि दुसरी बाजू मलाच धरावी लागली.

१४ जानेवारी, शनिवार. संक्रांत.

सुग्राबींकडे बैठक छान जमते. मशीनचा आवाज पहारीसारखा नाही, एकसारखा आहे, विचाराला पोषक.

आज तिळगूळ घेऊन गेले होते. सण पाळणं व्यक्तिवादात बसत नाही, पण तीळ सदाशिवरावांनी आणूनच ठेवले होते. सुग्राबींनी विचारलं, सहा वर्षं झाली लिहून राह्यल्या, हाये तरी काय त्या किताबीत? मी त्यांना आदित्यवर्मा समजावून सांगितला. तो कोणाचाच नाही, कोणाचं देणं लागत नाही, ‘मी मला जन्म दिला’ असं तो बाविसाव्या पानावर म्हणतो.

सुग्राबींनी मशीन थांबवलं. “स्वोताच? मंग सुईन कोन होती?”

मी म्हटलं, ते प्रतीक आहे. त्या म्हणाल्या, “असन बाप्पा. पन नाळ तं कोनी कापलीच असन ना,” आणि बाही शिवायला घेतली.

अशिक्षित वाचकाच्या प्रतिक्रिया या विषयावर तळटीप देता येईल.

आज पानं: अर्धं. (तळटीप धरून.)

२३ जानेवारी, सोमवार

नऊ प्रकरणं म्हणजे पसारा आहे. विचार जितका खोल तितका थोडक्यात मावतो. सात करते.

सात प्रकरणांना सात कोऱ्या वह्या घातल्या. प्रत्येकीवर नाव घातलं. सुग्राबींनी कव्हरं शिवून दिली, वेगवेगळ्या छिटाची, म्हणजे सापडायला सोपं. पाचव्या प्रकरणाला जांभळी फुलं आली आहेत. विषयाला शोभत नाहीत, पण परत कशी करणार.

दुपारचा चहा सदाशिवराव मधल्या सुट्टीत कचेरीतून येऊन करतात आणि सुग्राबींकडे माझ्या टेबलावर ठेवून जातात. बोलू नका असं मी सांगून ठेवलंय. आज ते बोलले नाहीत, फक्त उभे राहिले. मग मीच विचारलं, काय? म्हणाले, साखर संपली होती, गूळ घातलाय. एवढ्यासाठी लय तुटली.

२ फेब्रुवारी, गुरुवार

आज क्षेत्राभ्यास केला. विहिरीवर लिहिणारीने विहीर बघितली पाहिजे, हे माझं मलाच सुचलं. घरामागे गेले.

वीस हात झाली आहे. काठावर तिवई, तिला गडगडी, गडगडीवरून दोर. पूनमसिंग खाली टोपलं भरतो, वरचे ओढतात, रामीबाई ते उपसून बाजूला टाकते. दुपारच्या भाकरीला तो वर आला तेव्हा मी त्याला आदित्यवर्म्याची गोष्ट सांगितली. त्याच्या कामाचा गौरव होईल, त्याला बरं वाटेल, असा हेतू.

त्याने सगळं ऐकून घेतलं. मग विचारलं, “वरतं कोन व्हतं?”

मी म्हटलं, कोणी नाही. एकटा.

“तं मंग मलमा कोन वढे?”

मलमा म्हणजे खालून निघणारी माती-दगड. मी म्हटलं, तो स्वतः टोपलं घेऊन वर चढत असेल, ओतत असेल, परत उतरत असेल. पूनमसिंगने बोटांवर काहीतरी मोजलं आणि हसायला लागला. रामीबाईने पदर तोंडाला लावला. रामधनने मात्र तोंडाला काही लावलं नाही. म्हणाला, “भारी मानूस हाये बाई. त्याले आमच्या इथं धाडा, चार जनाइची मजुरी वाचते.”

घरात येऊन मी गणित केलं. साठ हात विहीर, वीस हजार टोपली तरी होतात. रोज पंचवीस वेळा चढउतार धरली तर आठशे दिवस. दोन वर्षं दोन महिने. त्यात पावसाळा आणि आजारपण धरलेलं नाही. नाफडे म्हणतात ‘एका उन्हाळ्यात’.

उन्हाळा हा शब्द त्यांनी व्यापक अर्थाने वापरला असावा.

११ फेब्रुवारी, शनिवार

शिरगणतीवाले आले. म्हणजे आमच्याच शाळेतले मारोतराव, गणिताचे. शिक्षकांना हे काम लावलंय. रजेमुळे मी वाचले.

विचारलं, कुटुंबप्रमुखाशी नातं? मी म्हटलं, नातं असं नाही, स्वतंत्र व्यक्ती असं लिहा. त्यांनी कागद उलटापालटा करून पाहिला. “तसा रकाना नाही ना ताई.” मग आवाज खाली आणून म्हणाले, “काहून, भांडन झालं काय सदाशिवरावांशी?”

सदाशिवराव तिथेच बसले होते. म्हणाले, नाही, ती जानेवारीपासून एकटी आहे.

शेवटी ‘पत्नी’ लिहिलं. धंदा विचारला, मी म्हटलं संशोधन. मारोतरावांनी बराच वेळ विचार करून काहीतरी लिहिलं आणि हाताने झाकलं. चहा घेऊन गेले. चहा कोणी केला हे विचारू नये, तो तात्त्विक प्रश्न नाही.

प्रकरणं सहा करते. देशाची मोजणी चालू असताना सात काय आणि सहा काय.

१९ फेब्रुवारी, रविवार

सुग्राबींचे रोजे चालू झाले आहेत. उपाशीपोटी त्या दिवसभर शिवतात आणि मी त्यांच्यासमोर बसून दाण्याचा लाडू खाते हे मनाला लागलं. शिवाय देहावर विजय हा आदित्यवर्म्याचा विशेष. तेव्हा मीही ठरवलं, कोणाचं बघून नव्हे, स्वतःच्या निर्णयाने, दुपारी काही खायचं नाही.

सव्वाअकरापर्यंत छान गेलं. साडेअकराला सुग्राबींनी माझा चेहरा पाहिला, उठल्या, चुलीवर पोहे केले आणि समोर आणून ठेवले. स्वतः तोंडात पाणी नाही. म्हणाल्या, “तुमचा रोजा कोनं सांगतला? अल्लानं नाई सांगतला तुमाले. खा.”

खाल्ले. उत्तम झाले होते. मीठ चाखून न बघता इतकं बरोबर कसं पडतं हे विचारायचं राहिलं.

आज पानं: चार! चारही चांगली आहेत. पहिल्यांदाच असं वाटलं की हे काम माझं आहे आणि मला ते येतं. हे वाटणं कोणाला सांगावं हे कळेना, म्हणून इथे.

२८ फेब्रुवारी, मंगळवार

अनर्थ.

विहिरीला काळा खडक लागला. आज पहिला सुरुंग. मी अनुभवासाठी मुद्दाम हजर राहिले. पूनमसिंग खाली उतरतो, भोकात दारू ठासतो, वात पेटवतो, दोराच्या फासात बसतो आणि हाळी देतो. वरचे चौघं जीव खाऊन ओढतात. तो वर आला की सगळे पळतात. मग धडाम. सगळं मिळून, रामीबाईने सांगितलं, “दोन डाव श्वास घ्या, इतकुसाक टाइम.”

मी काही विचारलंच नव्हतं. पूनमसिंगच माझ्याकडे आला, धूळ झटकत. सौजन्याने. जणू काही घरात कोणी गेलंय आणि तो सांगायला आलाय.

“बाई, तुमचा तो आदितवर्मा. त्यानं वात पेटोली का?”

पेटवली. दोनशे अकराव्या पानावर. फार सुंदर वर्णन आहे.

“मंग त्याले वरतं कोनं वढलं?”

मी तिवईकडे बघितलं. पूनमसिंगने मान हलवली. “तं मंग तिथंच संपला तो, बाई.”

दोनशे अकरावं पान. त्यापुढे पाचशे तीन पानं आहेत.

आज सरळ नाफड्यांनाच पत्र टाकलं. प्रकाशकांच्या पत्त्यावर. दोन प्रश्न: माती वर कोण ओढतं? वात पेटवल्यावर त्याला कोण ओढतं? नम्र भाषेत. कोणाला काही विचारायचं नाही हा संकल्प मोडला असं नाही, लेखक हा ग्रंथाचाच भाग असतो.

३ मार्च, शुक्रवार

मार्ग सापडला. पाचवं प्रकरण सकाळपासून सलग लिहिलं. पहिलं वाक्य: “विहीर हे प्रतीक आहे, आणि प्रतीकाला मलमा नसतो.”

हे वाक्य मी सुग्राबींना मोठ्याने वाचून दाखवलं. त्या म्हणाल्या, “चांगलं हाये. म्हंजे काय?”

अकरा पानं झाली. शेवटची चार हाताने लिहिली आणि मनाने लिहिली नाहीत. ते कोणाच्या लक्षात येणार नाही. एकूण प्रकरणं पाच पुरेत. पाचवं मध्ये असण्याऐवजी शेवटी आलं, कणा शेपटीकडे गेला, इतकंच.

८ मार्च, बुधवार

टंकलेखन. सुग्राबींचे भाऊ वाहिद कोर्टाच्या आवारात लिंबाखाली टाइपरायटर घेऊन बसतात. वीस वर्षं अर्ज, वकालतनामे, जबान्या. मराठीचं मशीन त्यांच्याकडेच आहे. मी कागद दिले आणि निश्चिंत झाले. ही चूक होती.

पहिलं प्रकरण आलं. सुरुवात अशी: “सदर इसम आदित्यवर्मा, वल्द नामालूम, धंदा विहीर खोदणे, राहणार मौजे पठार.” दुसऱ्या प्रकरणात ‘नायक’ जिथे जिथे होतं तिथे ‘सदर इसम’. तिसऱ्या प्रकरणात त्याचा ‘आरोपी’ झाला आहे, आणि नाफडे ‘फिर्यादी’.

मी गेले, दाखवलं. वाहिदमियांना वाईट वाटलं. म्हणाले, बोटं आपोआप जातात. मग चष्मा काढून म्हणाले, “पन बाई, इन्साफानं सांगा. मानूस गावातून पळते, बेवारस जागेत खोदकाम करते, बारूद वापरते, लोकाइले पानी देत नाई. आमच्या इथं त्याले दुसरं काय म्हनते?”

पुन्हा टाइप करायला वेळ नाही. ‘आरोपी’वर शाईने रेघ मारून ‘नायक’ लिहायला बसले. एकशे सव्वीस ठिकाणी. साठाव्या ठिकाणी हात दुखायला लागला आणि एकदम पटलं की प्रत्येक व्यक्तिवादी समाजापुढे आरोपीच असतो. तशी तळटीप दिली. उरलेले सहासष्ट तसेच ठेवले.

१४ मार्च, मंगळवार

नाफड्यांचं उत्तर आलं. कार्ड. अक्षर सुरेख, बारीक.

उतरवून ठेवते, कारण प्रबंधात घेता येणार नाही.

“सा. न. वि. वि. आपलं पत्र ह्यांना वाचून दाखवलं. हे स्वतः पत्रं लिहीत नाहीत. कादंबऱ्याही हे सांगतात आणि मी उतरवून घेते, त्यामुळे उत्तर मीच देत आहे, क्षमस्व. माती वर कोण ओढतं हा प्रश्न तेव्हा मीही विचारला होता. हे म्हणाले, तो तपशील आहे. सुरुंगाचं मात्र मला सुचलं नव्हतं. आज विचारलं, तर जेवायचे थांबले आणि अजून बोललेले नाहीत. आपल्याकडच्या त्या खणणाऱ्यांना माझा नमस्कार सांगावा. मला बरेच दिवसांनी हसू आलं. आपली, सौ. नाफडे.”

चार वेळा वाचलं. सातशे चौदा पानं, एका बाईने, हाताने. आणि ‘मी मला जन्म दिला’ हे वाक्यसुद्धा तिनेच लिहून घेतलं, बहुधा स्वयंपाक आटोपून.

पण अप्रकाशित साधन आहे. नियमाप्रमाणे संदर्भात धरता येत नाही. कार्ड ट्रंकेत ठेवलं.

नमस्कार सांगितला. रामीबाईने विचारलं, कोन बाई? मी म्हटलं, एक लेखिका. तोंडातून गेलं.

२० मार्च, सोमवार

ईद झाली. सुग्राबींकडचा शीरखुर्मा खाल्ला आणि लगेच कामाला बसले. आम्ही सगळेच. म्हणजे मी.

सदाशिवराव संदर्भसूची अक्षरानुक्रमे लावत आहेत. त्यांची रजा आहे, त्यांना काही उद्योग हवाच असतो. सुग्राबी दाभणाने प्रती शिवत आहेत, तीन प्रती, वर निळं कापड. वाहिदमिया चौथ्या प्रकरणाचं शेवटचं पान स्वतः सायकलवर घेऊन आले, त्यात फक्त एक ‘इसम’ आहे. मी मध्ये बसून प्रस्तावना लिहिली. “हा प्रबंध म्हणजे एका व्यक्तीचा एकाकी प्रवास आहे.” वाक्य चांगलं वाटलं. सदाशिवरावांनी वाचलं आणि ‘एकाकी’ची वेलांटी नीट केली.

मार्गदर्शकांचं पत्र: पाचव्या प्रकरणाची वाट पाहतो आहे, मौखिक परीक्षेत बाहेरचे परीक्षक विहिरीवरच विचारतील.

विचारू देत.

२३ मार्च, गुरुवार

सगळं तयार. उद्या सकाळी दहाची मोटार, संध्याकाळी नागपूर, मामेबहिणीकडे मुक्काम, परवा अकराला कचेरीत. पिशवीत तीन प्रती, दशम्या, निळं लुगडं.

सहा वर्षांत पहिल्यांदा काही उरलेलं नाही. भीती वाटते असं नाही. पिशवी तिसऱ्यांदा सोडून बांधली, ते दशम्या नीट बसत नाहीत म्हणून. सारखं वाटतंय की समोर तीन परीक्षक बसलेत, तिघांनी डोक्याला फेटे बांधलेत आणि मधला विचारतोय, वरतं कोन व्हतं?

२४ मार्च, शुक्रवार. दुपार.

पेन नीट धरवत नाही, अक्षर तसंच येईल.

आज मी एका माणसाचा जीव वाचवला.

क्रमाने लिहिते. साडेनऊला सदाशिवराव जागा धरायला मोटार अड्ड्यावर पुढे गेले. मी पिशवी घेऊन मागच्या दाराने निघाले. पुढचं दार आतून लावलं होतं आणि मागून विहीर एकदा बघून जावं असं वाटलं. पूनमसिंग खाली होता. सुरुंग ठासून झाला होता. आणि मी पाहिलं, दोरावर तिघंच! रामधन नव्हता. खालून हाळी आली. वात पेटली होती.

मला कोणी सांगितलं नाही. कोणी विनवलं नाही. क्षणाचाही विचार न करता, पूर्णपणे स्वतःच्या इच्छेने, मी पिशवी टाकली आणि दोर धरला. तिघांच्या मागे, शेवटी. आणि ओढला. तळहात सोलले. पूनमसिंग वर आला, सगळे पळाले, मीही. धडाम!

मोटार दहाला सुटते. स्फोट झाला तेव्हा दहाला पंधरा कमी होते. जाता आलं असतं असं कोणी म्हणेल. पण धूर विरल्यावर रामीबाई ओरडली आणि बघितलं तर तळाशी खडक फुटून ओल चमकत होती. पाणी! सगळे वाकून बघत होते. अशा वेळी मोटारीचा विचार करणं माणुसकीला धरून झालं नसतं. मी काठावरच्या दगडावर बसून राहिले. पूनमसिंगने पहिलं पाणी वर आणलं, चिखलाचंच, मला हातावर दिलं.

सदाशिवरावांनी ड्रायव्हरला वीस मिनिटं अडवून धरलं म्हणे. आधी मंडळी येतच आहेत म्हणून, मग आजारी आहेत म्हणून, शेवटी मोटारीसमोर उभे राहून. मग पायी परत आले. जागा धरायला टाकलेला रुमाल मोटारीतून नागपूरला गेला. माझे हात बघितले. हळद आणि तूप आणून तळहाताला लावलं.

यानंतरची मोटार उद्या दुपारी तीनला पोचते.

२५ मार्च, शनिवार

बारा वाजले.

वाईट वाटलं नाही. खरंच. एका बाजूला कागद, एका बाजूला माणूस. आदित्यवर्म्याने मोटार पकडली असती. मी पकडली नाही. म्हणजे मी नाफड्यांच्या पुढे गेले. सहा वर्षं मी जे शोधत होते ते मला एका दोरात सापडलं. यावर नवा प्रबंध होऊ शकतो. ‘व्यक्तिवादाकडून त्यागाकडे’. नवी नोंदणी. सहा प्रकरणं. तीन वर्षांत सहज.

सुग्राबी येऊन गेल्या. तिन्ही प्रतींवरचं निळं कापड हाताने सारखं करत बसल्या. म्हणाल्या, लय मेहनत झाली होती. कोणाची ते म्हणाल्या नाहीत.

सौ. नाफड्यांना पत्र लिहावं असं मनात आहे. दोर वर कोण ओढतं ते आता मी स्वतःच्या अनुभवाने सांगू शकते.

२६ मार्च, रविवार

रामीबाई सकाळी हिशोबाला नाही, सहज आली होती. ओट्यावर बसली. मी चहा दिला. तळहात तिला दिसतील असा दिला. आणि म्हटलं, रामीबाई, परवा मी दोर धरला नसता तर काय झालं असतं गं?

ती हसली असती तर बरं झालं असतं. ती हसली नाही. म्हणाली, “काय व्हते बाई. तुमी धरला तो दोराचा शेवट. तो लिंबाले बांधेल असते. तिघं जन पुरतेत, आता सवय झाली. रामधन तं चार दिवसांपासून तांड्यावरच हाये.”

मी तिला म्हटलं, मग तेव्हाच सांगायचं ना! माझी मोटार होती. तुला ठाऊक होतं.

रामीबाईने बशीतला चहा संपवला. म्हणाली, “ठावूक व्हतं ना. पूनमसिंगले बी ठावूक व्हतं. तो म्हने सांगू काय. मी म्हनलं, राहू दे. बाईचं मनच नाई नागपूरले जायाचं, म्हनून धरून उभी हाये. मानसाले धराले कायतरी लागते.”

मी म्हटलं, तसं काही नव्हतं.

“व्हय ना,” म्हणाली, बशी विसळून पालथी घातली आणि गेली.

मोटार अड्डा आमच्या घरापासून सात मिनिटांवर आहे. धावत गेलं तर चार.